आर्चबिशप करियाट्टिल : गोव्यात संपलेला परतीचा प्रवास

१ मे १७८६ रोजी पोर्तुगालहून परतलेले दोन मलयाळी धर्मगुरू गोव्यात उतरले. एक होते कोडुंगल्लूरचे, म्हणजे पोर्तुगीजांच्या क्रांगानोरचे, नवे आर्चबिशप जोसेफ करियाट्टिल आणि दुसरे त्यांचे सहप्रवासी पारेम्माक्कल थोमा कत्तनार. घर सोडून त्यांना साडेसात वर्षे झाली होती. मलबारचा किनारा आता जवळ आला होता. तरीही आर्चबिशप त्या किनाऱ्यावर पोहोचले नाहीत. १० सप्टेंबर १७८६ रोजी, अवघे ४४ वर्षांचे असताना, गोव्यातच त्यांचे निधन झाले. ते आजाराने गेले की त्यांचा घात झाला, हा वाद केरळच्या ख्रिस्ती समाजात तेव्हापासून आजतागायत मिटलेला नाही.

करियाट्टिल यांचा जन्म १७४२ साली आलंगाड येथे झाला. त्यांचे घराणे संत थॉमसच्या परंपरेतील सिरियन ख्रिस्ती. हा समाज पोर्तुगीज येण्याच्या कितीतरी शतके आधीपासून केरळात नांदत होता. त्यांची उपासना सिरियाक भाषेत चाले आणि गावोगावची चर्च स्थानिक कुटुंबांच्या सभा सांभाळीत. पोर्तुगीजांनी या समाजावर लॅटिन वळणाची शिस्त आणि युरोपीय बिशप लादले, तेव्हा असंतोष धुमसू लागला.

त्याचा भडका १६५३ साली उडाला. अहतल्ला नावाचे पश्चिम आशियातील एक बिशप भारतात आले असता पोर्तुगीजांनी त्यांना मैलापूर येथे अडकवले आणि जहाजाने गोव्याकडे नेले. ते कोचीच्या बंदरात असताना ख्रिस्ती समाजाने त्यांची भेट मागितली, ती नाकारण्यात आली. पोर्तुगीजांनी त्यांना समुद्रात बुडवल्याची वार्ता पसरली आणि मट्टानचेरी येथे हजारोंनी शपथ घेऊन युरोपीय बिशपांची सत्ता झुगारली. अहतल्ला बुडाले नव्हते; ते पुढे पॅरिसमध्ये वारले. परंतु समाजाचे जे दोन तुकडे झाले, ते पुन्हा सांधले गेले नाहीत. एक गट रोमशी निष्ठा ठेवून राहिला, दुसऱ्याने आपला स्वतंत्र धर्मप्रमुख निवडला. करियाट्टिल यांच्या मृत्यूची बातमी ऐकणाऱ्यांच्या मनात ही जुनी आठवण जिवंत होती.

तेराव्या वर्षी, १७५५ मध्ये, करियाट्टिल यांना शिक्षणासाठी रोमला पाठवण्यात आले. धर्मप्रसाराचे काम पाहणाऱ्या प्रोपागांदा या संस्थेच्या महाविद्यालयात ते अकरा वर्षे शिकले. तत्त्वज्ञान आणि धर्मशास्त्रात पारंगत होऊन, धर्मगुरूपदाची दीक्षा घेऊन ते १७६६ मध्ये परतले आणि आलंगाडच्या सेमिनारीत शिकवू लागले. सिरियाक पंडिताला केरळात मल्पान म्हणतात. त्याच उपाधीने ते ओळखले जाऊ लागले.

त्या काळी केरळच्या कॅथलिकांवर दोन सत्तांचा अंमल होता. एक पोर्तुगालच्या राजाला पोपने दिलेला पाद्रोआद हा अधिकार. त्यानुसार क्रांगानोर आणि कोचीचे बिशप लिस्बनहून नेमले जात. दुसरी सत्ता रोमच्या प्रोपागांदाची. तिचे कार्मेलाइट मिशनरी वरापुळा येथून कारभार पाहत. या दोघांच्या ओढाताणीत स्थानिक धर्मगुरूंना मानाचे स्थान नव्हते. त्यातच स्वतंत्र गटाचे प्रमुख सहावे मार थोमा यांनी रोमशी पुन्हा ऐक्य करण्याची इच्छा व्यक्त केली. मिशनऱ्यांनी तिला दाद दिली नाही. सव्वाशे वर्षांची फूट मिटण्याची शक्यता समोर असताना परकीय अधिकारी आड येत आहेत, अशी समाजाची भावना झाली. तेव्हा चर्चच्या प्रतिनिधींनी ठरवले की आपलीच माणसे थेट पोप आणि पोर्तुगालची राणी यांच्याकडे पाठवावीत. रोममध्ये शिकलेले, युरोपीय भाषा जाणणारे करियाट्टिल या कामासाठी सर्वांत योग्य होते. त्यांच्यासोबत पारेम्माक्कल निघाले. खर्चासाठी समाजाने वर्गणी जमवली.

नोव्हेंबर १७७८ मध्ये मद्रासहून त्यांचे जहाज सुटले. आफ्रिकेला वळसा घालून ते अंगोलातील बेंगेला येथे आणि तेथून अटलांटिक ओलांडून ब्राझीलमधील बाहिया येथे गेले. जुलै १७७९ मध्ये ते लिस्बनला पोहोचले. या प्रवासाचा वृत्तान्त पारेम्माक्कल यांनी मलयाळममध्ये लिहून ठेवला. वर्तमानपुस्तकम् हा तो ग्रंथ आधुनिक भारतीय भाषांतील सर्वांत जुन्या प्रवासवर्णनांत गणला जातो. गोडसे भटजींचा माझा प्रवास लिहिला गेला त्याच्या सुमारे शतकभर आधीची ही गोष्ट. आपल्या गोडसे भटजींचे पुस्तक छापून यायला जशी अनेक वर्षे लागली, तसेच हेही हस्तलिखित १९३६ पर्यंत अप्रकाशित राहिले. वाटेतल्या गमतीजमतींबरोबरच त्यात एक ठाम युक्तिवाद आहे : प्रत्येक समाजाचा कारभार त्याच समाजातील माणसाच्या हाती असावा, परक्यांच्या नव्हे.

रोममध्ये त्यांचे स्वागत थंडे झाले. आपल्याच मिशनऱ्यांविरुद्धची गाऱ्हाणी प्रोपागांदाच्या अधिकाऱ्यांना रुचणारी नव्हती. पोपची भेट झाली, अर्ज दिले गेले, पण निर्णय लांबणीवर पडला. दोघे लिस्बनला परतले. तेथे परिस्थिती वेगळी होती. दरबारात वजन असलेले गोमंतकीय धर्मगुरू काएतानो व्हितोरिनो द फारिया, म्हणजे पुढे ख्यातनाम झालेल्या आब्बे फारिया यांचे वडील, त्यांना साहाय्यक ठरले. क्रांगानोरचे पद १७७७ पासून रिकामे होते. राणी मारिया पहिली हिने १७८२ मध्ये त्या पदासाठी करियाट्टिल यांचे नाव सुचवले, पोप सहावे पायस यांनी त्याला मान्यता दिली आणि फेब्रुवारी १७८३ मध्ये लिस्बन येथे त्यांचा अभिषेक झाला. गाऱ्हाणे घेऊन गेलेला धर्मगुरू आर्चबिशप होऊन परतणार होता. मार थोमांना कॅथलिक चर्चमध्ये सामावून घेण्याचे अधिकारही त्यांना मिळाले होते.

एप्रिल १७८५ मध्ये त्यांनी लिस्बन सोडले आणि वर्षभराने ते गोव्यात आले. मे महिन्यात पोहोचल्यामुळे पुढचे चार महिने अडकून पडणे अटळ होते. पश्चिम किनाऱ्यावर पावसाळ्यात दर्या बंद असतो. त्या काळचे जुने गोवे रोगराईने ओस पडत चाललेले शहर होते. व्हाइसरॉयांनी १७५९ मध्येच आपला मुक्काम पणजीला हलवला होता. वर्षभराच्या सागरी प्रवासाने थकलेल्या माणसासाठी तेथला पावसाळा धोक्याचाच होता. सप्टेंबर उजाडला. नारळी पौर्णिमा उलटून गेली होती, दर्या मोकळा होण्याचे दिवस आले होते, आणि नेमके तेव्हाच करियाट्टिल यांचे निधन झाले.

या नेमकेपणानेच संशयाला बळ दिले. त्यांच्या येण्याने ज्यांची सत्ता जाणार होती, त्यांना हे मरण सोयीचे होते. ऐक्याचे अधिकार त्यांच्याबरोबरच संपुष्टात आले. मृत्यू परक्या शहरात झाला आणि स्वतःचा समाज शेकडो मैल दूर होता. अहतल्लांना बुडवल्याची कथा ऐकत वाढलेल्यांनी या साऱ्याचा एकच अर्थ काढला. केरळच्या परंपरेत त्यांच्यावर विषप्रयोग झाल्याची समजूत रूढ झाली आणि संशयाचे बोट युरोपीय मिशनऱ्यांकडे वळले.

दुसरी बाजूही तितकीच विचारात घेण्याजोगी आहे. गोवा हे पाद्रोआदचे केंद्र होते आणि करियाट्टिल पोर्तुगालच्या राणीनेच निवडलेले आर्चबिशप होते. त्यांच्या यशात पोर्तुगीज सत्तेचा तोटा नव्हता. प्रोपागांदाविरुद्धच्या चढाओढीत त्यांची नेमणूक हा पाद्रोआदचा विजयच होता. शिवाय आपल्या पश्चात महाधर्मप्रांताचा कारभार पारेम्माक्कल यांच्याकडे सोपवण्याइतका अवधी त्यांना मिळाला. घातपाताचा निर्णायक पुरावा पुढे आलेला नाही. संशयाची कारणे मात्र खरी होती. ज्या समाजाला दीडशे वर्षे आपल्या बिशपांबाबत विश्वासात घेतले गेले नव्हते, त्याने या मृत्यूच्या बातमीवरही विश्वास ठेवला नाही.

पारेम्माक्कल एकटेच केरळला परतले. १७८७ मध्ये अंगमाली येथे ८४ चर्चचे प्रतिनिधी जमले. त्यांनी आपली गाऱ्हाणी लेखी मांडली आणि पारेम्माक्कल यांना बिशप नेमावे अशी मागणी केली. ती कधीच मान्य झाली नाही. गव्हर्नर या पदनामाने त्यांनी १७९९ मध्ये मृत्यू येईपर्यंत महाधर्मप्रांत सांभाळला. त्याच १७८७ साली गोव्यातही उच्च पदे नाकारली गेलेल्या स्थानिक धर्मगुरूंचा असंतोष पिंटोंच्या उठावाच्या रूपाने बाहेर आला आणि तो कठोरपणे चिरडला गेला. दोन्ही ठिकाणी मूळ दुखणे एकच होते.

मार थोमांचे ऐक्य १७९९ मध्ये थोडे महिने घडले आणि मोडले. सिरियन कॅथलिकांना आपल्यातले बिशप मिळायला १८९६ साल उजाडावे लागले. करियाट्टिल यांच्या निधनाला तेव्हा ११० वर्षे झाली होती. त्यांच्या अस्थी गोव्याच्या मातीतच होत्या. गोवा मुक्त झाला त्या १९६१ सालीच, जानेवारीत, त्या आलंगाडला नेण्यात आल्या. त्यांच्या जन्मगावच्या सेंट मेरी चर्चमध्ये त्या आज विसावल्या आहेत.