कागलचे साहेबमामा फत्तेलाल

निपाणीहून कोल्हापूरला जाताना वाटेत कागल लागते. मराठी बोलपटांसाठी राजवाडे, देवळे आणि वाडे उभारणारे कलादिग्दर्शक शेख फत्तेलाल हे याच गावचे. त्यांचा जन्म १८८६ चा. चित्रपटसृष्टीत ते साहेबमामा म्हणूनच ओळखले गेले.

कोल्हापुरात बाबूराव पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत ते घडले. तिथेच विष्णुपंत दामले यांच्याशी त्यांची जोडी जमली. १९२८ मध्ये दोघांनी मिळून ‘महारथी कर्ण’ हा मूकपट दिग्दर्शित केला. पुढच्याच वर्षी व्ही. शांताराम, धायबर आणि सीतारामपंत कुलकर्णी यांच्यासह या दोघांनी ‘प्रभात’ची स्थापना केली.

१९३२ च्या ‘अयोध्येचा राजा’ या पहिल्या मराठी बोलपटाचे कलादिग्दर्शन साहेबमामांचेच. १९३३ मध्ये ‘प्रभात’ पुण्याला गेली आणि पुढच्या वर्षी ‘अमृतमंथन’साठी त्यांनी चंडिकेचे भव्य देऊळ उभे केले. चित्रपट कृष्णधवल असल्याने कोणता रंग पडद्यावर किती काळा, किती उजळ दिसेल, याचा अंदाज आधीच बांधावा लागे. पडद्यावरचा दगड प्रत्यक्षात लाकूड, कापड आणि प्लास्टर असे.

त्यांचे खरे कसब मात्र साधेपणात दिसले. दामले-फत्तेलाल यांनी दिग्दर्शित केलेला ‘संत तुकाराम’ १९३६ मध्ये आला. त्यातले तुकोबांचे गरीब घर पाहताना हा सेट आहे, असे कोणाच्या मनातही आले नाही. शेवटी तुकोबांना न्यायला विमान उतरले, तेही लोकांनी भक्तिभावानेच पाहिले. वारकऱ्यांच्या या श्रद्धेला रूप देणारा कलावंत मुसलमान होता. दोघांनीही त्यात काही वेगळे मानले नाही. १९३७ मध्ये व्हेनिसच्या महोत्सवात या चित्रपटाचा गौरव झाला. १९४० मध्ये याच जोडीने ‘संत ज्ञानेश्वर’ केला.

१९४५ मध्ये दामले गेले. साहेबमामांचे निधन १९६४ चे. त्यांनी आयुष्य वेचलेल्या ‘प्रभात’च्या आवारात तोवर सरकारची चित्रपट शिक्षण संस्था सुरू झाली होती.

नटांची नावे आपल्याला पाठ असतात, घर उभारणाऱ्याचे नाव राहून जाते. आपल्या मंडपातही देखावा सगळे डोळे भरून पाहतात. त्यासाठी रात्री जागवणाऱ्या हातांची नावे थोड्यांनाच ठाऊक असतात. यंदा आरतीनंतर त्या हातांची आठवण काढताना आपल्या शेजारच्या कागलच्या या कलावंतालाही नमस्कार करू या.