लोकमान्य टिळक, मधुमेह आणि दातांचे आरोग्य

पुण्याच्या मंडईत भाजी घ्यायला येणारा प्रत्येक जण लोकमान्य टिळकांच्या पुतळ्यासमोरून कधी ना कधी जातोच. 1924 साली पंडित मोतीलाल नेहरूंच्या हस्ते त्याचे अनावरण झाले. टिळकांचे राजकारण, केसरी, मंडालेचा तुरुंगवास हे आपण शाळेत शिकतो. पण आयुष्याची शेवटची अनेक वर्षे ते मधुमेहाचे रुग्ण होते, आणि तेही इन्सुलिन नसलेल्या काळात, हे फार थोड्यांच्या लक्षात असते. मधुमेह आणि तोंडाचे आरोग्य यांचा संबंध समजून घेण्यासाठी त्यांचे आयुष्य एका वेगळ्या बाजूने पाहू.

कमावलेले शरीर

बाळ गंगाधर टिळकांचा जन्म 23 जुलै 1856 रोजी रत्नागिरीत झाला. दहा वर्षांचे असताना ते वडिलांबरोबर पुण्यात आले. लहानपणी प्रकृती बेताचीच होती. 1873 मध्ये डेक्कन कॉलेजात गेल्यावर त्यांनी पहिले वर्ष अभ्यासाऐवजी शरीर कमावण्यात घालवले. तालीम, पोहणे आणि भरपूर खाणे असा क्रम ठेवला. वर्ष वाया गेले, पण ती तब्येत पुढे तुरुंगांत उपयोगी पडली. 1877 मध्ये ते बी. ए. झाले. 1880 मध्ये न्यू इंग्लिश स्कूल आणि 1881 मध्ये केसरी व मराठा ही पत्रे सुरू झाली. कोल्हापूर प्रकरणात 1882 मध्ये आगरकरांबरोबर 101 दिवस डोंगरीच्या तुरुंगात काढले.

1897 मध्ये पुण्यात प्लेग असताना केसरीतल्या लेखनावरून त्यांच्यावर राजद्रोहाचा खटला झाला आणि दीड वर्षाची शिक्षा झाली. 1898 मध्ये मुदतीपूर्वी सुटका झाली तेव्हा वजन बरेच घटले होते. ते भरून काढायला ते सिंहगडावर जाऊन राहिले.

त्यांना एकच सवय होती, ती सुपारीची. त्या काळी सुपारी चघळणे हे व्यसन मानलेच जात नसे. आज आपल्याला माहीत आहे की सततच्या सुपारीने दात झिजतात, हिरड्या दुखावतात आणि तोंड उघडणे हळूहळू कमी होत जाते. जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने नुसत्या सुपारीलाही, म्हणजे तंबाखू नसली तरी, कर्करोगकारक ठरवले आहे.

बावन्नाव्या वर्षी सहा वर्षांची शिक्षा

22 जुलै 1908 च्या रात्री, बावन्नाव्या वाढदिवसाच्या आदल्या दिवशी, मुंबई हायकोर्टात टिळकांना सहा वर्षे काळ्या पाण्याची शिक्षा झाली. तोपर्यंत त्यांना मधुमेह जडलेला होता. वय आणि प्रकृती पाहून सरकारने शिक्षा साध्या कैदेत बदलली आणि त्यांना ब्रह्मदेशातल्या मंडालेला नेले.

मंडालेचा उन्हाळा कडक आणि कोठडी लाकडी. जवळ आपले असे कोणी नाही. स्वयंपाकाला एक मराठी कैदी दिलेला होता. मधुमेहावर औषध म्हणावे असे काही नव्हते. हातात होता तो आहार, आणि टिळकांनी तो काटेकोरपणे सांभाळला. ठरल्या वेळी मोजके खाणे आणि वर्ज्य पदार्थांना हात न लावणे हे त्यांनी वर्षानुवर्षे पाळले. याच कोठडीत 1910-11 च्या हिवाळ्यात, अवघ्या काही महिन्यांत, त्यांनी गीतारहस्य पेन्सिलीने लिहून काढले. 1912 मध्ये पत्नी सत्यभामाबाई गेल्याची बातमी त्यांना तिथेच कळली. जून 1914 मध्ये ते पुण्यात परतले.

साखर वाढली की तोंडात काय होते?

रक्तातली साखर दीर्घकाळ जास्त राहिली तर तोंडात चार गोष्टी घडतात.

1. लाळ कमी होते. लाळ दातांवरचे आम्ल धुऊन काढते आणि दाताला कॅल्शियम परत देते. तोंड कोरडे पडले की हे संरक्षण जाते.
2. लाळेतही साखरेचे प्रमाण वाढते. तोंडातल्या जिवाणूंना त्यामुळे आयते खाद्य मिळते.
3. हिरड्यांना सूज येते, रक्त येते, हिरड्या खाली सरकतात. उघड्या पडलेल्या मुळांवर इनॅमल नसते, म्हणून तिथे कीड लवकर लागते. मोठ्या वयात अशी मुळांची कीड बरीच दिसते.
4. जखम उशिरा भरते आणि बुरशीचा संसर्ग सहज होतो.

हा संबंध दोन्ही बाजूंनी आहे. हिरड्यांचा जुना संसर्ग शरीरात सूज टिकवून ठेवतो आणि त्यामुळे साखर आटोक्यात येणे अवघड होते. हिरड्यांवर नीट उपचार केल्यावर अनेक रुग्णांची तीन महिन्यांची सरासरी साखर (एचबीए1सी) थोडी खाली येते. म्हणूनच मधुमेहाच्या तपासणीत डोळे आणि पायांबरोबर दातही तपासून घ्यायला हवेत.

कीड म्हणजे किडा नव्हे

आपण दाताला कीड लागली असे म्हणतो, पण दातात किडा नसतो. दातावरच्या चिकट थरातले जिवाणू साखरेपासून आम्ल तयार करतात. तोंडातला पीएच साधारण 5.5 च्या खाली गेला की इनॅमलमधली खनिजे विरघळू लागतात. लाळेला हे आम्ल निवळायला साधारण अर्धा तास लागतो. त्यामुळे किती गोड खाल्ले याइतकेच किती वेळा खाल्ले हेही महत्त्वाचे असते. जेवणात एक मोदक खाणे आणि दिवसभर थोडे थोडे गोड चघळत राहणे यांत दाताच्या दृष्टीने मोठा फरक आहे. टिळकांनी सार्वजनिक केलेल्या गणेशोत्सवात, मंडईत शारदा-गणपतीच्या दर्शनाला जाताना, हे लक्षात ठेवायला हरकत नाही.

शेवटची वर्षे

सुटून आल्यावर टिळक थांबले नाहीत. 1916 मध्ये होमरूल लीग आणि लखनौ करार झाला. चिरोल खटल्यासाठी 1918-19 मध्ये, साठी उलटल्यावर, ते इंग्लंडला जाऊन आले. खटला हरले, खर्च प्रचंड झाला, आणि शरीरही थकले होते. जुलै 1920 मध्ये मुंबईत सरदारगृहात मुक्कामी असताना ताप आला आणि न्युमोनिया झाला. 1 ऑगस्ट 1920 रोजी, मध्यरात्र उलटून गेल्यावर, त्यांचे निधन झाले. ते 64 वर्षांचे होते. मधुमेहात संसर्गाशी लढण्याची ताकद कमी होते आणि त्या काळी प्रतिजैविकेही नव्हती.

पुढच्याच वर्षी, 1921 मध्ये, टोरांटोत इन्सुलिनचा शोध लागला आणि जानेवारी 1922 मध्ये ते प्रथम एका चौदा वर्षांच्या मुलाला दिले गेले. टिळक गेले त्याच 1920 साली कलकत्त्यात डॉ. रफिउद्दीन अहमद यांनी भारतातले पहिले दंत महाविद्यालय सुरू केले. त्याआधी सामान्य माणसाचा दात दुखला की सहसा तो उपटणे हाच उपाय असे. आज तसे नाही.

आज आपण काय करू शकतो?

*लहान मुलांसाठी*
- पहिला दात आला की घासायला सुरुवात करा. तीन वर्षांपर्यंत तांदळाच्या दाण्याएवढी आणि तीन ते सहा वर्षांत वाटाण्याएवढी फ्लोराइड टूथपेस्ट पुरे. सहा-सात वर्षांपर्यंत दात मोठ्यांनीच घासून द्यावेत.
- दुधाची बाटली तोंडात ठेवून बाळाला झोपवू नका.
- पहिल्या वाढदिवसापर्यंत एकदा दंतवैद्याला दाखवा. दुधाचे दात पडणारच आहेत म्हणून त्यांची कीड सोडून देऊ नका. संसर्ग खालच्या पक्क्या दातापर्यंत जाऊ शकतो.

*मोठ्यांसाठी*
- दिवसातून दोनदा, दोन मिनिटे घासा. रात्रीचे घासणे चुकवू नका. नंतर थुंका, पण खळखळून चूळ भरू नका, म्हणजे फ्लोराइड दातावर राहते.
- मिश्री, तंबाखू आणि सुपारी सोडा. मिश्रीने दात स्वच्छ होत नाहीत, तंबाखू मात्र पोटात जाते.
- पांढरा खडूसारखा डाग ही किडीची सुरुवात असते. या टप्प्यावर फ्लोराइडने ती थांबवता येते. खड्डा पडला तर फिलिंग आणि कीड नसेपर्यंत गेली तर रूट कॅनाल करावे लागते. उशीर केला की त्रास आणि खर्च दोन्ही वाढतात.

*मधुमेह असल्यास*
- दंतवैद्याला मधुमेह, चालू औषधे आणि अलीकडची साखर सांगा.
- शक्यतो सकाळची वेळ घ्या. उपाशी जाऊ नका आणि स्वतःच्या मनाने गोळी किंवा इन्सुलिन बंद करू नका.
- दर सहा महिन्यांनी, हिरड्यांचा त्रास असेल तर त्याहून लवकर, तपासणी करा.

डॉक्टरांना लगेच कधी भेटावे?

चेहऱ्यावर सूज, दातदुखीबरोबर ताप, तोंड उघडायला किंवा गिळायला त्रास यांपैकी काहीही असेल तर त्याच दिवशी भेटा. श्वास घ्यायला त्रास होत असेल तर थेट रुग्णालयात जा. मधुमेह असलेल्यांनी तर अशा वेळी लवंगतेलावर रात्र काढू नये.

औषधाविना, परक्या मुलखातल्या कोठडीत, टिळकांनी निव्वळ शिस्तीवर मधुमेहाशी सहा वर्षे झुंज दिली. आपल्याला शिस्तीच्या जोडीला औषध, ब्रश आणि जवळचा दवाखाना आहे. घरातल्या मधुमेही माणसाची दातांची शेवटची तपासणी कधी झाली, हे आज विचारून घ्या.