देवत्वाच्या मक्तेदारीला प्रश्न विचारणारा कथाकार : रॉजर झेलाझ्नी

विसाव्या शतकातील अमेरिकी विज्ञानकथेत भारतीय पुराणांतील नावे आणि कल्पना घेऊन एक सबंध ग्रह उभा करणारे लेखक म्हणजे रॉजर झेलाझ्नी. त्यांच्या ‘लॉर्ड ऑफ लाइट’ या कादंबरीत ब्रह्मा, यम, काली, अग्नी वावरतात. पण ते आपल्या परिचयाचे देव नाहीत. ती परग्रहावर वस्ती करण्यासाठी गेलेली माणसे आहेत आणि यंत्रविद्येच्या बळावर त्यांनी देवपद बळकावले आहे. ज्ञान मोजक्या हातांत कोंडले गेले तर समाजाचे काय होते आणि मृत्यूला टाळू शकणाऱ्या माणसाने लाभलेल्या आयुष्याचे काय करावे, हे दोन प्रश्न झेलाझ्नी यांच्या लेखनात पुन्हा पुन्हा येतात. स्वतः त्यांना मात्र अवघे ५८ वर्षांचे आयुष्य लाभले.

१३ मे १९३७ रोजी ओहायो राज्यातील युक्लिड या गावी त्यांचा जन्म झाला. वडील पोलंडमधून अमेरिकेत आलेले स्थलांतरित. रॉजर हे एकुलते एक अपत्य. क्लीव्हलँडच्या वेस्टर्न रिझर्व्ह विद्यापीठातून १९५९ मध्ये त्यांनी इंग्रजीची पदवी घेतली. पुढे न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठात एलिझाबेथकालीन व त्यानंतरच्या इंग्रजी नाटकांचा अभ्यास करून १९६२ मध्ये त्यांनी एम. ए. केले. सूडाने पेटलेले राजपुत्र, दरबारी कपट आणि दीर्घ स्वगते यांचा त्या नाटकांतून झालेला संस्कार त्यांच्या गद्यावर अखेरपर्यंत राहिला.

त्याच वर्षी अमेरिकेच्या सामाजिक सुरक्षा प्रशासनात ते नोकरीला लागले. वृद्ध, अपंग आणि मृतांचे वारस यांच्या निवृत्तिवेतनाचे दावे तपासणारे हे खाते. प्रथम क्लीव्हलँड व नंतर बाल्टिमोर येथे त्यांनी सुमारे सात वर्षे ही चाकरी केली. दिवसा वार्धक्य आणि मृत्यू यांची कागदपत्रे हाताळायची आणि उरलेल्या वेळात अमर माणसांच्या कथा लिहायच्या, असा त्यांचा क्रम होता.

त्यांच्या पहिल्या व्यावसायिक कथा १९६२ मध्येच नियतकालिकांतून छापून आल्या. १९६३ मधील ‘अ रोझ फॉर एक्लेझिॲस्टिस’ या कथेने जाणकारांचे लक्ष वेधले. मंगळावरील विझत चाललेल्या एका प्राचीन संस्कृतीची भाषा शिकणारा गर्विष्ठ कवी तिचा नायक आहे. श्वास घेता येईल असा मंगळ वास्तवात नाही, हे तोवर खगोलशास्त्रज्ञांना उमगू लागले होते. १९६५ मध्ये मरिनर ४ या यानाने पाठवलेल्या छायाचित्रांनी त्या जुन्या स्वप्नावर पडदा टाकला. झेलाझ्नी यांची कथा म्हणजे जणू त्या मंगळाला दिलेला निरोप होता.

याच काळात व्यक्तिगत आयुष्यात मात्र आघात होत होते. १९६४ मध्ये एका मोटार अपघातातून ते बचावले आणि त्याच वर्षी त्यांचे वडील निवर्तले. लेखन थांबले नाही. १९६६ मध्ये प्रथमच दिल्या गेलेल्या नेब्युला पुरस्कारांपैकी दोन त्यांना मिळाले. ‘धिस इमॉर्टल’ या नावाने पुढे ग्रंथरूप झालेल्या त्यांच्या पहिल्या कादंबरीला त्याच वर्षी ह्यूगो पुरस्कार लाभला. तो फ्रँक हर्बर्ट यांच्या ‘ड्यून’ या कादंबरीसह विभागून देण्यात आला होता.

१९६७ मध्ये ‘लॉर्ड ऑफ लाइट’ प्रसिद्ध झाली आणि पुढील वर्षी तिलाही ह्यूगो मिळाला. कादंबरीतील देव एका देहातून दुसऱ्या देहात मन हलवण्याचे तंत्र जाणतात. पुनर्जन्म त्यांच्या परवानगीवाचून मिळत नाही. सामान्यांच्या हाती छपाईयंत्र पडले तरी ते नष्ट करतात. सॅम नावाचा त्यांचाच एक जुना सोबती बुद्धाचे रूप घेऊन या सत्तेविरुद्ध उभा राहतो. वैदिक देवता, पुराणे आणि बुद्धचरित्र यांतील शतकांचे अंतर लेखकाने बेधडक पुसले आहे. त्यामुळे भारतीय वाचकाला ही सरमिसळ खटकू शकते आणि बुद्धाचा उपदेश डावपेच म्हणून वापरणारा नायकही खुपू शकतो. पण ही अडचण लेखकाने ओळखली होती. नायकाचा वध करण्यासाठी आलेला एक मारेकरी त्याचा शिष्य होतो आणि जो उपदेश सॅमने केवळ शस्त्र म्हणून केला, त्यातून त्या शिष्याला खरोखरच बोध प्राप्त होतो. बोलणाऱ्याचा हेतू काहीही असो, सत्य त्याहून मोठे ठरते, हा या कादंबरीचा गाभा आहे.

१ मे १९६९ रोजी नोकरी सोडून त्यांनी लेखनावरच निर्वाह करायचे ठरवले. १९७० मध्ये सुरू झालेल्या ‘ॲम्बर’ मालिकेने त्यांना मोठा वाचकवर्ग मिळवून दिला. ॲम्बर हेच एकमेव खरे जग आणि आपली पृथ्वी ही त्याच्या असंख्य छायांपैकी एक, ही तिची कल्पना. १९९१ पर्यंत या मालिकेच्या दहा कादंबऱ्या आल्या. लोकप्रियतेसाठी त्यांनी आपली प्रतिभा स्वस्त केली, असा आक्षेप काही समीक्षकांनी घेतला. आक्षेप अगदीच निराधार नव्हता. तथापि १९७५ मधील ‘होम इज द हँगमन’ने ह्यूगो व नेब्युला हे दोन्ही पुरस्कार पटकावले आणि १९८० च्या दशकात आणखी तीन ह्यूगो त्यांच्याकडे आले. १९७५ पासून न्यू मेक्सिकोतील सांता फे येथे त्यांचे वास्तव्य होते.

‘लॉर्ड ऑफ लाइट’वर चित्रपट काढण्याचा प्रयत्न १९७९ मध्ये झाला. तो फसला, परंतु त्याची पटकथा आणि चित्रकार जॅक किर्बी यांची रेखाटने वेगळ्याच कामी आली. तेहरानमध्ये लपलेल्या सहा अमेरिकी राजनैतिक कर्मचाऱ्यांना चित्रपटाच्या चमूचा वेष देऊन जानेवारी १९८० मध्ये बाहेर काढण्यात आले. या मोहिमेत सीआयएने त्याच पटकथेला ‘आर्गो’ हे नवे नाव देऊन तिचा आधार घेतला. सीआयएचा हा सहभाग १९९७ मध्ये उघड झाला. तेव्हा झेलाझ्नी यांच्या निधनाला दोन वर्षे उलटली होती.

१४ जून १९९५ रोजी कर्करोगाने सांता फे येथे त्यांचे निधन झाले. सहा ह्यूगो आणि तीन नेब्युला पुरस्कार त्यांच्या नावावर आहेत. त्यांचे अमर नायक बहुधा थकलेले, उपरोधाने बोलणारे आणि तरीही अखेरीस इतरांसाठी काही पणाला लावणारे आहेत. दीर्घायुष्याचे मोल किती वर्षे जगलो यावर ठरत नाही, हे त्या नायकांकडून वदवणाऱ्या या लेखकाने आपल्या वाट्याची थोडी वर्षे लिहिण्यात खर्ची घातली.