दोन थालरची नीळ : रसायनशास्त्रज्ञ अडॉल्फ फॉन बायर

मधुमेह असलेल्या घरांत हा अनुभव नवा नाही. डोळ्यांचे डॉक्टर पडद्याची अँजिओग्राफी करायला सांगतात. दंडाच्या शिरेतून नारिंगी-पिवळे औषध टोचतात, निळा प्रकाश डोळ्यात सोडतात आणि भराभर फोटो काढतात. फोटोत पडद्यावरच्या बारीक रक्तवाहिन्या उजळून दिसतात आणि कुठे गळती आहे तेही कळते. पुढे काही तास कातडी पिवळसर दिसते, लघवीलाही गडद पिवळा रंग येतो आणि घरचे उगाच घाबरतात. त्या औषधाचे नाव फ्लुरोसीन. ते औषध कसले, तो एक रंग आहे. तो पहिल्यांदा १८७१ साली बर्लिनमध्ये तयार झाला, कापड रंगवण्याच्या रंगांचा शोध घेता घेता. ज्यांनी तो केला त्यांचे नाव अडॉल्फ फॉन बायर. आपल्या देशातल्या नीळ पिकवणाऱ्या शेतकऱ्यांच्या कथेतही या माणसाचा एक धागा आहे, आणि तो धागा थेट आपल्या बेळगावपर्यंत येतो. म्हणून त्यांची ही ओळख.

बायर यांचा जन्म ३१ ऑक्टोबर १८३५ रोजी बर्लिनमध्ये झाला. वडील योहान याकोब बायर प्रशियाच्या सैन्यात अधिकारी होते आणि भूमापनशास्त्रातले मोठे नाव. आईच्या माहेरी साहित्यिकांचा राबता. मुलाला मात्र लहानपणापासून प्रयोगांचे वेड. आठ-नऊ वर्षांचा असताना त्याने कुंड्यांत बिया लावल्या आणि एकीला दूध, एकीला वाइन, एकीला शाई असे घालून झाडे कशी वाढतात ते पाहिले. बाराव्या वर्षी तांबे आणि सोडियम यांचे एक नवे संयुग तयार केले. तेराव्या वाढदिवसाला त्याने हातातल्या दोन थालरची, म्हणजे तिथल्या चांदीच्या दोन नाण्यांची, नीळ विकत घेतली आणि तिच्यावर प्रयोग सुरू केले. त्या निळीच्या खड्याने पुढे त्याच्या आयुष्यातली जवळजवळ वीस वर्षे घेतली.

शिक्षणाची सुरुवात बर्लिन विद्यापीठात गणित आणि भौतिकशास्त्राने झाली. मध्ये सैन्यातली सक्तीची नोकरी झाली. १८५६ मध्ये ते हायडेलबर्गला बुन्सेन यांच्याकडे रसायनशास्त्र शिकायला गेले. प्रयोगशाळेतला बुन्सेन बर्नर आपण सगळ्यांनी पाहिला आहे, तेच हे बुन्सेन. पण गुरूशिष्यांचे पटले नाही. बायर ऑगस्ट केकुले या तरुण शास्त्रज्ञाच्या छोट्या खाजगी प्रयोगशाळेत जाऊन काम करू लागले आणि केकुले बेल्जियममधल्या गेंट विद्यापीठात गेले तेव्हा त्यांच्यामागून तिकडेही गेले. १८५८ मध्ये बर्लिनहून त्यांना डॉक्टरेट मिळाली.

१८६० पासून बायर बर्लिनच्या औद्योगिक शिक्षणसंस्थेत शिकवू लागले. पगार तुटपुंजा होता, पण प्रयोगशाळा ऐसपैस होती आणि त्यांना तेवढेच हवे होते. बारा वर्षे ते तिथे राहिले. १८६४ मध्ये त्यांनी बार्बिट्यूरिक आम्ल तयार केले. त्याच घराण्यातून पुढच्या काळातली झोपेची औषधे निघाली. १८६८ मध्ये आडेलहाइड बेंडेमान यांच्याशी त्यांचा विवाह झाला.

याच प्रयोगशाळेत ग्रेबे आणि लीबरमान हे दोघे मंजिष्ठेच्या मुळांतला लाल रंग, अलिझरीन, म्हणजे नेमके काय याचा छडा लावत होते. बायर यांनी जस्ताच्या भुकटीबरोबर पदार्थ तापवून त्याचा मूळ सांगाडा उघडा पाडण्याची युक्ती शोधली होती. ती वापरल्यावर अलिझरीनमधून अँथ्रासीन निघाले, आणि पुढे उलट दिशेने जाऊन डांबरातल्या अँथ्रासीनपासून अलिझरीन बनवता आले. लाच घेताना पकडण्याच्या सापळ्यात नोटांना जी अँथ्रासीन पावडर लावल्याचे वर्तमानपत्रांत येते, तीच ही. जंबुपार दिव्याखाली ती निळसर चमकते.

आता १८७१ कडे येऊ. बायर यांनी थॅलिक अॅनहायड्राइड हा पदार्थ फिनॉलच्या जातीच्या निरनिराळ्या पदार्थांबरोबर तापवून पाहिला. या सगळ्या नव्या रंगांच्या गटाला त्यांनी थॅलीन असे नाव दिले. या नावाचे मूळ आपल्या कपाटात सापडते. कपड्यांत ठेवायच्या डांबरगोळ्या म्हणजे नॅफ्थॅलीन. त्यापासून जे आम्ल बनते त्याचे नाव ठेवताना रसायनशास्त्रज्ञांनी नॅफ्थॅलीनचे पहिले अक्षर कापले, आणि थॅलिक हा शब्द तयार झाला.

साधे फिनॉल घेतले तेव्हा फिनॉल्फथॅलीन मिळाले. दहावी-बारावीच्या प्रयोगशाळेत आम्ल-अल्कलीचे अनुमापन करताना एका थेंबाला गुलाबी होणारे हेच. अनेक राज्यांत लाचेच्या सापळ्यात हेच नोटांना लावतात आणि सोड्याच्या पाण्यात हात बुडवल्यावर पाणी गुलाबी होते. फिनॉलऐवजी रेसॉर्सिनॉल घेतले तेव्हा जो पदार्थ मिळाला त्याचे द्रावण अल्कलीत असे काही हिरवे चमकले की पाहणाऱ्याला भांड्यातच दिवा लावला आहे असे वाटावे. आधी बायर यांनी त्याला रेसॉर्सिनथॅलीन म्हटले. पुढे फ्लुरोसीन हे नाव रूढ झाले.

या नावाने अनेकांची फसगत होते. दातांच्या पेस्टमुळे फ्लोराइड हा शब्द परिचयाचा, त्यामुळे फ्लुरोसीनमध्ये फ्लोरिन असणार असे वाटते. प्रत्यक्षात त्याच्या रेणूत कार्बनचे २०, हायड्रोजनचे १२ आणि ऑक्सिजनचे ५ अणू आहेत, फ्लोरिनचा एकही नाही. वाहणे या अर्थाच्या लॅटिन शब्दावरून फ्लोरस्पार या खनिजाचे नाव पडले, कारण भट्टीत ते घातले की धातूचा रस पातळ होऊन वाहू लागतो. या खनिजाचे काही खडे अदृश्य जंबुपार किरणांत स्वतः चमकतात. १८५२ मध्ये केंब्रिजच्या स्टोक्स यांनी अशा चमकण्याला या खनिजावरून फ्लुओरेसन्स हे नाव दिले. मराठीत आपण प्रतिदीप्ती म्हणतो. आणि ठळक प्रतिदीप्ती दाखवणारा रंग म्हणून फ्लुरोसीन.

प्रतिदीप्ती म्हणजे काय तेही थोडक्यात पाहू. पदार्थ एका रंगाचा प्रकाश शोषतो आणि क्षणार्धात दुसऱ्या, कमी ऊर्जेच्या रंगाचा प्रकाश परत देतो. फ्लुरोसीन निळा घेतो, हिरवा देतो. निळा दिवा बंद केला की चमक त्याच क्षणी थांबते. घड्याळाचे काटे अंधारात बराच वेळ चमकत राहतात, ती वेगळी गोष्ट आहे, तिला प्रस्फुरण म्हणतात. मग फिनॉल्फथॅलीन आणि फ्लुरोसीन सख्खी भावंडे असून एक चमकते आणि दुसरे नाही, असे का? फ्लुरोसीनमध्ये दोन कड्यांमध्ये ऑक्सिजनचा एक पूल आहे. त्यामुळे त्या भागाचा सांगाडा एका सपाटीत घट्ट बसतो आणि घेतलेली ऊर्जा हेलकाव्यांत वाया न जाता प्रकाशरूपाने बाहेर येते. फिनॉल्फथॅलीनला हा पूल नाही, त्याची कडी सैल डुलत राहतात. फ्लुरोसीनचेच आणखी दोन नातलग आपल्याला ठाऊक असतात. फ्लुरोसीनमध्ये ब्रोमिन घातले की इओसिन होते. हाइनरिश कारो यांनी ते १८७४ मध्ये बाजारात आणले आणि ग्रीक उषादेवीचे नाव त्याला दिले. गाठीचा तुकडा तपासायला पाठवतात तेव्हा सूक्ष्मदर्शकाखाली दिसणारा गुलाबी रंग इओसिनचाच. दुसरा नातलग ऱ्होडामाइन. तो कापडासाठी ठीक, पोटासाठी नाही. जत्रेतल्या गुलाबी साखरेच्या कापसात तो सापडू लागल्यामुळे २०२४ मध्ये कर्नाटक सरकारने खाद्यपदार्थांतल्या त्याच्या वापरावर बंदी जाहीर केली, हे आपल्यापैकी अनेकांनी वाचले असेल.

फ्लुरोसीनचा पहिला मोठा सार्वजनिक उपयोग झाला १८७७ मध्ये. डॅन्यूब नदीचे पाणी जर्मनीत इमेंडिंगेनजवळ जमिनीत मुरते. ते सुमारे बारा किलोमीटरवरच्या आख नदीच्या उगमातून बाहेर येते की काय, असा वाद होता. प्राध्यापक क्नोप यांनी तिथे दहा किलो फ्लुरोसीनचे लवण नदीत ओतले. सुमारे साठ तासांनी आखचा उगम चमकदार हिरवा झाला आणि वाद मिटला.

१८७२ मध्ये बायर स्ट्रासबुर्गला आणि १८७५ मध्ये म्युनिकला गेले. तिथे ते थोर रसायनशास्त्रज्ञ लीबिग यांच्या रिकाम्या झालेल्या जागेवर आले. नवी मोठी प्रयोगशाळा बांधून घेतली आणि अखेरपर्यंत म्युनिक सोडले नाही. अवघड यंत्रे त्यांना आवडत नसत. परीक्षानळी आणि काचेची कांडी एवढ्यावर ते कितीतरी शोध लावत. डोक्यावर कायम टोपी असायची, आणि एखादा प्रयोग सुंदर जमला की ते त्या प्रयोगाला टोपी काढून अभिवादन करत, असे त्यांचे विद्यार्थी सांगत. त्या विद्यार्थ्यांत एमिल फिशर, एडुआर्ड बुखनर आणि रिचर्ड विलश्टेटर हे तिघे पुढे नोबेल मिळवणारे निघाले.

तेराव्या वर्षीची नीळ मात्र मनातून गेली नव्हती. १८६० च्या दशकापासून बायर तिच्या रेणूची एकेक गाठ सोडवत होते. १८८० मध्ये त्यांनी कृत्रिम नीळ बनवण्याची पद्धत शोधून पेटंट घेतले. १८८३ मध्ये निळीची रचना त्यांनी मांडली. पण त्यांची पद्धत कारखान्याला परवडेना. १८८५ मध्ये, पन्नासाव्या वाढदिवशी, बव्हेरियाच्या राजाने त्यांना सरदारकी दिली आणि नावात फॉन आले. त्याच सुमारास त्यांनी निळीचे काम थांबवले. परवडणारी पद्धत कार्ल होयमान यांनी १८९० मध्ये दाखवली आणि १८९७ मध्ये जर्मनीच्या बीएएसएफ कारखान्याची नीळ बाजारात आली. त्या पद्धतीला लागणारे थॅलिक अॅनहायड्राइड नॅफ्थॅलीनपासून स्वस्तात कसे बनवायचे हे कोडे एका फुटलेल्या थर्मामीटरने सोडवले. त्यातला पारा भांड्यात सांडला आणि क्रिया वेगाने होऊ लागली. फ्लुरोसीन ज्यातून निघाले, त्याच पदार्थातून कृत्रिम नीळही निघाली. या कारखान्याच्या पूर्ण नावात अनिलीन हा शब्द आहे. अनिलीन हे नाव आपल्या नील शब्दावरूनच अरबी आणि पोर्तुगीज वाटेने युरोपात पोचले, कारण तो पदार्थ आधी निळीतूनच काढला होता.

इकडे बिहारमध्ये काय झाले? चंपारणमध्ये तीनकठिया पद्धत होती. बिघ्यातल्या वीस कठ्ठ्यांपैकी तीन कठ्ठ्यांत रयतेने मळेवाल्या गोऱ्या साहेबांसाठी नीळ लावलीच पाहिजे. ही जुलूमजबरदस्ती बायर यांच्या शोधापूर्वीची. कृत्रिम निळीने भाव कोसळले, तेव्हा रयत सुटेल असे वाटावे. घडले उलटे. नीळ लावण्याच्या बंधनातून मोकळे करतो म्हणून साहेबांनी वाढीव खंड लावला किंवा एकरकमी पैसे उकळले. बाजारातला तोटा अशा रीतीने सर्वांत गरीब माणसाच्या गळ्यात पडला. एप्रिल १९१७ मध्ये गांधीजी चंपारणला पोचले आणि १९१८ च्या कायद्याने तीनकठिया संपली. त्या काळात तिथल्या खेड्यांत शाळा आणि स्वच्छतेचे काम सुरू झाले, तेव्हा मराठी माणसे तिकडे धावली. मुंबईच्या अवंतिकाबाई गोखले, पुण्याच्या आनंदीबाई वैशंपायन, भारत सेवक समाजाचे डॉ. देव, आणि आपल्या बेळगावचे वकील सोमण व पुंडलिक कातगडे. बेळगावच्या घरांत ही नावे आदराने घेतली जातात, पण ती चंपारणला ज्या निळीपायी गेली, तिच्या पडझडीची सुरुवात म्युनिकच्या प्रयोगशाळेत झाली होती हे सहसा कुणी सांगत नाही.

याचा दोष बायर यांच्या माथी मारता येणार नाही. त्यांनी निसर्गातला एक रेणू ओळखला, एवढेच. पण शोधाचा नफा एकीकडे आणि त्याची झळ दुसरीकडे, हे त्यांच्या चरित्रात जितके स्पष्ट दिसते तितके क्वचितच कुठे दिसत असेल.

१९०५ मध्ये सेंद्रिय रंग आणि हायड्रोॲरोमॅटिक संयुगांवरील कामासाठी त्यांना रसायनशास्त्राचे नोबेल मिळाले. अॅस्पिरिनवाली बायर कंपनी त्यांची, असा समज कुणाचा असेल तर तो सोडावा. ती फ्रीडरिश बायर यांनी १८६३ मध्ये काढलेली, आणि जर्मन लिपीत दोन्ही नावांचे स्पेलिंगही वेगळे आहे. बायर ऐंशीच्या घरात जाईपर्यंत शिकवत राहिले. पहिल्या महायुद्धात, १९१५ मध्ये, त्यांचे जावई आणि सहकारी ऑस्कर पिलोटी लढाईत मारले गेले. २० ऑगस्ट १९१७ रोजी म्युनिकजवळच्या श्टार्नबेर्ग येथे बायर यांचे निधन झाले. चंपारणची रयत त्या वेळी आपले म्हणणे चौकशी समितीपुढे मांडत होती.

निळीचा तो जुना व्यापार आता उरला नाही. फ्लुरोसीन मात्र रोज कुणाच्या तरी डोळ्याची वाट शोधते आहे. पुढच्या वेळी घरातले कुणी अँजिओग्राफी करून आले आणि पिवळे पाहून घाबरले, तर त्यांना धीर द्यावा, भरपूर पाणी प्यायला सांगावे, आणि जमल्यास बर्लिनच्या त्या मुलाची आणि त्याच्या दोन थालरची गोष्टही सांगावी.