रंगहीन ज्योतीचा उपासक : रॉबर्ट बुन्सेन

मीठ घातलेले भाताचे पाणी शेगडीवर उतू गेले, की निळी ज्योत क्षणभर पिवळीधमक होते. तो रंग मिठातील सोडियमचा. मोरचुदाने ज्योत हिरवी होते, चुन्यातील कॅल्शियम विटकरी तांबूस छटा देते. ज्योतीच्या या रंगांतून पदार्थ ओळखण्याचे भक्कम शास्त्र ज्या दोन मित्रांनी उभारले, त्यांपैकी एक रॉबर्ट बुन्सेन.

त्यांचा जन्म १८११ साली जर्मनीतील ग्योटिंगेन येथे झाला. तरुणपणीच आर्सेनिकच्या संयुगांवर काम करताना काचपात्राचा स्फोट झाला. एका डोळ्याची दृष्टी कायमची गेली आणि विषबाधेने ते मरणाच्या दारी पोहोचले. आर्सेनिकवरचा एक उतारा त्यांनीच त्यापूर्वी शोधला होता. पुढे ज्योतींचे रंग न्याहाळण्यात ज्याने वर्षे घालविली, त्या माणसाला डोळा एकच होता, हे ध्यानात ठेवावे.

१८५२ मध्ये ते हायडेलबर्ग विद्यापीठात आले. त्या काळचे गॅसदिवे पिवळ्या, काजळी धरणाऱ्या ज्योतीने जळत. त्या पिवळेपणात तपासायच्या पदार्थाचा रंग बुडून जाई. बुन्सेन यांना हवी होती स्वतःचा रंग जवळजवळ नसलेली ज्योत. जळण्यापूर्वीच गॅसमध्ये हवा मिसळली, तर ती मिळते. १८५५ च्या सुमारास त्यांच्या सूचनेवरून हा दिवा प्रत्यक्ष घडविला तो विद्यापीठातील यंत्रकारागीर पेटर डेसागा यांनी. दिव्याला नाव प्राध्यापकांचे लागले. कारागिराचे नाव पाठ्यपुस्तकांत क्वचितच भेटते. इतिहासात असे वारंवार घडते. बुन्सेन यांनी मात्र त्या दिव्याचे पेटंट घेतले नाही.

तरीही अडचण उरली. लिथियम आणि स्ट्रॉन्शियम दोन्ही तांबडी ज्योत देतात. नुसत्या डोळ्यांना फरक कळणे कठीण. बुन्सेन रंगीत काचांमधून पाहून निवाडा करीत. १८५९ मध्ये त्यांचे मित्र, भौतिकशास्त्रज्ञ गुस्ताव किर्खहोफ यांनी ज्योतीचा प्रकाश लोलकातून पाहण्याचे सुचविले. प्रकाशाचे तेजस्वी रेषांत विभाजन झाले आणि प्रत्येक मूलद्रव्याच्या रेषा निराळ्या निघाल्या! खोलीच्या दूरच्या कोपऱ्यात उधळलेले तीन मिलिग्रॅम सोडियम-क्षारही ज्योतीत उमटू लागले.

१८६० मध्ये ड्युर्कहाइमच्या झऱ्याच्या पाण्यात दोन अनोळखी निळ्या रेषा दिसल्या. ते द्रव्य हाती यावे म्हणून सुमारे ४० टन पाणी आटविले. हाती आला जेमतेम सात ग्रॅम क्षार. आकाशी रंगावरून त्याला सीझियम हे नाव मिळाले. पुढच्या वर्षी गडद तांबड्या रेषांचे रुबिडियम सापडले. तत्त्वज्ञ ऑगस्ट कोंत यांनी १८३५ मध्ये ताऱ्यांची घडण माणसाला कधीच कळणार नाही असे ठरवून टाकले होते. पंचवीस वर्षांच्या आत, स्वयंपाकघरातले तेच सोडियम सूर्यातही असल्याचे किर्खहोफ यांनी दाखवून दिले.

बुन्सेन यांनी लग्न केले नाही. वयाच्या ७८ व्या वर्षापर्यंत ते शिकवीत राहिले. १६ ऑगस्ट १८९९ रोजी हायडेलबर्ग येथे त्यांचे निधन झाले.