मोलेसरशास्त्री आणि एक उष्टा शब्द

मित्रांनो, सुरुवातीलाच एक कोडं घालते. इंग्रजीत एक शब्द आहे 'ऑर्ट'. स्पेलिंग अगदी सोपं, ओ-आर-टी, तीनच अक्षरं. अर्थ सांगा! 'आर्ट'शी याचा काही संबंध नाही आणि हा कुठल्या सॉफ्टवेअरचा शॉर्टफॉर्मही नाही. मी आमच्या विंगमधल्या सगळ्या मुलींना विचारलं. जीआरईच्या वर्डलिस्ट तोंडपाठ असणारी आमची हुशार मैत्रीणसुद्धा गप्प बसली. गंमत म्हणजे हा इंग्रजी शब्द मला भेटला तो एका मराठी शब्दकोशात, 'उष्टं' या शब्दाचा अर्थ बघताना! तो कोश करणारा माणूस मराठी नव्हता. तो होता ईस्ट इंडिया कंपनीच्या फौजेतला एक कॅप्टन, जेम्स थॉमस मोल्सवर्थ. आज त्यांचीच गोष्ट सांगायची आहे.

मोल्सवर्थ यांचा जन्म 1795 सालचा. आपण अकरावी-बारावीत असतो त्या वयात, 1812 च्या सुमारास, ते कंपनीच्या फौजेत भरती होऊन हिंदुस्थानात आले. घरापासून हजारो मैल लांब, बोटीचा कित्येक महिन्यांचा प्रवास आणि आजूबाजूला कानावर पडणारी अनोळखी भाषा. त्या काळी साहेब लोकांना कामापुरती देशी भाषा शिकावी लागायची. बहुतेकांचं शिक्षण हुकूम देण्यापुरतं आणि परीक्षा पास होण्यापुरतं असायचं (आपल्याला हे काही नवीन नाही!). मोल्सवर्थ मात्र तिथे थांबले नाहीत. मराठीने त्यांना असं काही धरलं की पुढचं अर्धं आयुष्य तिनेच घेतलं.

1818 साली पेशवाई बुडाली आणि मराठी मुलूख कंपनीच्या हातात आला. राज्य चालवायचं तर रयतेचं म्हणणं कळायला हवं, अर्ज वाचता यायला हवेत. त्यासाठी चांगला कोश हवा होता. त्याआधीचे प्रयत्न होते. विल्यम कॅरी यांचा कोश 1810 साली बंगालमधल्या श्रीरामपूरला छापला गेला होता, तोही मोडी लिपीत. व्हान्स केनेडी यांचा कोश 1824 चा. पण हे कोश छोटे होते, सगळी मराठी काही त्यांत मावत नव्हती. 1829 साली शास्त्रीमंडळींनी मराठीतून मराठी असा मोठा कोश तयार केला. मोल्सवर्थ यांचं काम याच काळात आणि अशाच शास्त्र्यांच्या मदतीने चाललं होतं. जोडीला फौजेतलेच दोन लेफ्टनंट होते, थॉमस आणि जॉर्ज कॅंडी, हे जुळे भाऊ. (आपण मराठीत जे स्वल्पविराम, पूर्णविराम देतो ते रुळवण्याचं श्रेय यातल्या थॉमस कॅंडी यांना दिलं जातं. पेपर तपासणाऱ्या सरांनी त्यांचे आभार मानावेत.)

1831 साली कोशाची पहिली आवृत्ती निघाली. शब्द होते सुमारे 40,000! आता जरा आपल्या भाषेत विचार करा. ना कॉम्प्युटर, ना एक्सेल, ना सॉर्ट करायचं बटण. प्रत्येक शब्द कुणाच्या तरी तोंडून ऐकायचा, कागदावर उतरवायचा, तो खरंच वापरात आहे का, कुठल्या अर्थाने आहे हे शास्त्र्यांशी बोलून ठरवायचं आणि मग त्याला इंग्रजी अर्थ शोधायचा. आपण चौघांत मिळून एक फायनल इयरचा प्रोजेक्ट करतो आणि रिपोर्ट बाइंड होईपर्यंत निम्मे आजारी पडतो. इथे तर वर्षानुवर्षांचं काम होतं.

आणि मोल्सवर्थ खरोखरच आजारी पडले. पहिल्या कोशानंतर त्यांनी इंग्रजी-मराठी कोश हातात घेतला होता. पण तब्येतीने साथ सोडली आणि 1836 साली तो अर्धवट टाकून त्यांना इंग्लंडला परतावं लागलं. उरलेलं काम थॉमस कॅंडी यांनी नेटाने पुरं केलं आणि तो कोश 1847 साली बाहेर आला.

इथे एखाद्याने म्हटलं असतं, झालं आपलं काम. पण मराठी-इंग्रजी कोशाची सुधारलेली आवृत्ती काढायचं ठरलं तेव्हा सरकारला पुन्हा मोल्सवर्थच आठवले. ते 1851 साली परत आले. वय पंचावन्नच्या पुढे, तब्येत आधीच खालावलेली. फौजेतली नोकरी त्यांनी सोडलेली होती. आता ते फक्त शब्दांसाठी आले होते. पुढे जवळजवळ सहा वर्षं खपून त्यांनी दुसरी आवृत्ती तयार केली. ती 1857 साली निघाली. शब्दसंख्या 40,000 वरून सुमारे 60,000 वर गेली. ज्या वर्षी उत्तरेत बंदुका धडधडत होत्या त्याच वर्षी मुंबईच्या छापखान्यातून मराठीचा हा एवढा मोठा खजिना बाहेर पडत होता. लोकांनी या साहेबाला प्रेमाने नावच ठेवलं होतं, मोलेसरशास्त्री! 1871 साली इंग्लंडमध्ये त्यांचं निधन झालं.

आता येऊ आपल्या कोड्याकडे.

माझं गाव साखरखेर्डा, तालुका सिंदखेडराजा, जिल्हा बुलडाणा. इतिहासवाल्यांना हे नाव 1724 च्या लढाईमुळे माहीत असतं. निजामाने मुबारिझखानाला इथेच हरवलं आणि दख्खनमधलं आपलं राज्य पक्कं केलं. मोल्सवर्थ यांचा पहिला कोश निघाला तेव्हा आमचा वऱ्हाड निजामाच्याच मुलखात होता. 1853 च्या तहाने तो इंग्रजांच्या कारभारात आला, तोवर दुसऱ्या आवृत्तीचं काम सुरूही झालं होतं. म्हणजे कोश मुंबईच्या सरकारसाठी, आणि आम्ही पार दुसऱ्या राज्यात. पण माझी आजी दिवसभर जे शब्द बोलते ते त्यात ओळीने सापडतात!

शाळा कॉन्व्हेंटची असल्यामुळे मला मराठी शब्दाचा अर्थ इंग्रजीतून लवकर कळतो. म्हणून मी मोल्सवर्थ उघडते. 'उष्टं' काढलं तर तिथे हा 'ऑर्ट्स' बसलेला. म्हणजे मराठी कळावं म्हणून इंग्रजीकडे गेले आणि इंग्रजी कळायला पुन्हा आजीकडेच यावं लागलं! ऑर्ट म्हणजे जेवून झाल्यावर ताटात उरलेला अन्नाचा तुकडा, आणि तो बहुतेक अनेकवचनातच वापरतात. इंग्रजीत हा शब्द पंधराव्या शतकापासून लिहिलेला सापडतो. डच आणि उत्तर जर्मनीकडच्या भाषांत त्याची भावंडं आहेत. मुळात तो गुरांनी खाऊन गव्हाणीत उरलेल्या वैरणीसाठीही वापरत. आमच्या गावात कडब्याचे बुडखे गव्हाणीत उरतात ना, अगदी तेच!

शेक्सपिअरच्या नाटकांत तो येतो. 'टायमन ऑफ अथेन्स'मध्ये उरल्यासुरल्या सोन्यासाठी, तर 'ट्रॉयलस अँड क्रेसिडा'मध्ये चक्क उरलेल्या प्रेमासाठी. आपणही नाही का, दुसऱ्याच्या कल्पनेला उष्टी कल्पना म्हणतो? व्यासांनी सगळं जग उष्टं करून ठेवलंय असं जुने लोक म्हणतातच. (सबमिशनच्या आदल्या रात्री विंगभर फिरणारी ती एकच फाइल आठवा. ती किती जणांची उष्टी असते!) जॉर्ज इलियट यांच्या 1861 च्या 'सायलस मार्नर' कादंबरीत श्रीमंतांच्या मेजवान्यांचे ऑर्ट्स गरिबांच्या वाट्याला येतात. त्यानंतर हा शब्द हळूहळू लोकांच्या तोंडून गेला. आता तो मुख्यतः स्क्रॅबलमध्ये आणि शब्दकोड्यांत सापडतो. त्याच्या जागी 'लेफ्टओव्हर' आला.

पण लेफ्टओव्हर म्हणजे नेमकं काय? आजीला विचारलं तर ती आधी विचारेल, कसलं उरलेलं? ताटात उरलं, तोंड लागलं, ते उष्टं. भांड्याला, हाताला चिकटलं ते खरकटं, आणि तो हात लोणच्याच्या बरणीला लागला तर तुमची खैर नाही. पातेल्यात स्वच्छ उरलं आणि दुसरा दिवस उजाडला, ते शिळं. म्हणजे आपल्या मेसच्या बादलीत जातं ते उष्टं, आणि काल उरलेला भात आज फोडणी देऊन येतो तो शिळा. फ्रीजमधल्या डब्यांना एकच लेफ्टओव्हर पुरतो, आजीच्या स्वयंपाकघराला तीन शब्द लागतात.

ऑर्टसुद्धा पुरता पोचत नाही. शबरीची बोरं उष्टी होती, पण ती काही उरलेली नव्हती. तिने चाखून रामासाठी ठेवली होती. बाळाला पहिला घास भरवतात त्याला आपण उष्टावण म्हणतो. तिथे तर काहीच उरत नाही, सुरुवातच असते! आणि याच शब्दाची एक काळी बाजू आहे. गावोगाव ज्यांना वेशीबाहेर ठेवलं त्यांच्या पदरात हेच उष्टं आणि शिळं टाकलं जायचं. डॉ. आंबेडकरांनी 1927 साली महाडला लोकांना सांगितलं की असले तुकडे खाणं सोडून द्या. त्या अन्नाला लेफ्टओव्हर म्हटलं तर त्यातला अपमान दिसतच नाही. तो दिसायला उष्टं हाच शब्द लागतो.

एका शब्दात एवढं सगळं भरलेलं. म्हणूनच मोल्सवर्थ पुष्कळदा एका मराठी शब्दासमोर चार-चार, पाच-पाच इंग्रजी शब्द ठेवतात, वर म्हणी आणि वाक्प्रचारही देतात. कुठला तरी एक शब्द ठोकून पुढे जाणं सोपं होतं. तब्येत सांभाळायला तेच बरं पडलं असतं. पण ते तसं करत नाहीत. परक्या माणसाला आपली भाषा कळावी म्हणून त्यांनी केलेली ही धडपड पाहिली की मला तरी गप्प व्हायला होतं.

सिव्हिलवाल्या मित्रांना पटेल अशी एक गोष्ट सांगते. मोल्सवर्थ यांनी पूल बांधला तो इंग्रज अधिकाऱ्यांना मराठीत उतरता यावं म्हणून. आज पावणेदोनशे वर्षांनी त्यावरून माझ्यासारख्या कॉन्व्हेंटवाल्या मुली उलट्या दिशेने आपल्याच गावात येतात. पुलाचा इंग्रजी काठ मधूनमधून खचलाय, ऑर्टसारखे शब्द वाहून गेलेत. साखरखेर्ड्याचा काठ अजून शाबूत आहे, कारण तिथे आजी रोज बोलते. मी हॉस्टेलवर 'आपण लेफ्टओव्हर खाऊया' म्हणते तेव्हा त्या काठाचा एक दगड माझ्याच हाताने सुटतो. दोन्ही काठ गेले तर 60,000 शब्दांचा तो पूल नुसताच उभा राहील.

हा कोश 1975 साली पुण्यात पुन्हा छापला गेला. शिकागो विद्यापीठाने तो इंटरनेटवर फुकट ठेवलाय, चार्जसुद्धा पडत नाही. कधी रात्री झोप येत नसेल तर उघडा. आपल्या आजीचा एखादा शब्द टाका आणि बघा, मोलेसरशास्त्र्यांनी तो ऐकलाय का. नसेल ऐकला तर मात्र तो लिहून ठेवायचं काम तुमचं!