जाहिरातीतून जन्मलेला बार्सा

मेस्सीचा बार्सा सगळ्यांना माहितीय. पण तो सुरू करणारा जोआन गॅम्पर? स्वित्झर्लंडहून बार्सिलोनात आलेल्या या २१ वर्षांच्या पोरानं १८९९मध्ये खेळाडू हवेत म्हणून चक्क जाहिरात दिली. पुढच्याच महिन्यात क्लब उभा राहिला. १९०८मध्ये सभासद गळाले, क्लब बंद पडायची वेळ आली. तेव्हा अध्यक्ष होऊन गॅम्परनंच तो सावरला. व्यवसाय सांभाळत पाच वेळा तो अध्यक्ष झाला.

१९२५मध्ये प्रेक्षकांनी स्पेनच्या राष्ट्रगीतावेळी शिट्ट्या मारल्या. हुकूमशाही सरकारनं मैदान बंद केलं, गॅम्परला देश सोडावा लागला. परतला तो क्लबपासून लांब राहायच्या अटीवर. पुढे पैसा बुडाला, नैराश्य आलं. १९३०मध्ये त्यानं आयुष्य संपवलं.

ज्या क्लबची दारं त्याला बंद झाली, तोच क्लब १९६६पासून सीझनआधी त्याच्या नावाची ट्रॉफी खेळतो.